पडायचा नाच

१० फेब्रुवारी १९७८
वही दिवाळीपासून कोरीच. कुंदाची माफी मागतो. वही नातीनेच, तिनेच दिली होती, “आबा, काळजी करत बसण्यापेक्षा लिहीत जा.” चौथी शिकलेला माणूस काय लिहिणार? पण आज राहवेना.
कंपनीतल्या जर्मन साहेबाच्या बायकोने तिला चार वर्षं बॅले शिकवला. ती मायदेशी गेली. आता मुंबईच्या बाई आधुनिक नाच शिकवतात, अनवाणी. रविवारी कार्यक्रम. बाईंना कुंदा पसंत पडली तर मुंबईला त्यांच्या पथकात घेणार.

११ फेब्रु.
सराव बघितला. जर्मन बाईचं सगळं वर. मान वर, हात वर, उभं राहायचं तेही पायाच्या अंगठ्यांवर. जमिनीशी वैर. अंगठे सोलायचे, मी खोबरेल लावायचो. पण पोरगी पिसासारखी दिसायची.
नव्या बाईंचं उलट. वाकायचं, पाठ गोल, श्वास सोडला की अंग सैल. म्हटलं, “हे तर गोणी उचलल्यागत.” कुंदा, “बरोब्बर आबा! वजन लपवायचं नाही.”
मला जुनाच बरा वाटतो. गुडघा मोडला तर...

१२ फेब्रु. रविवार

हॉलमध्ये भिंतीकडेला बसलो, मेन स्विचजवळ. वीस वर्षं कंपनीच्या प्रेस शॉपमध्ये, पत्रा दाबायच्या मशिनींवर काढली, आधी मेन कुठे ते बघतो. बॅले छान झाला. मग नवा नाच. ताठ उभी पोर धाडकन आडवी झाली. उठेना. माणूस पडला की आधी मेन बंद, एवढंच मला ठाऊक. स्विचचा दांडा खाली ओढला अन ओरडलो, “कुणी हात लावू नका!” अंधार. टेपही बंद.
अंधारातून कुंदा, “आबा, पडायचंच होतं!”
शेजारचे शिंदे, “काय राव, ब्रेकडाऊन काढलात!”
कुठेच लागलं नव्हतं. जीव भांड्यात पडला. पण बाई लगेच निघून गेल्या. माझ्यामुळे पोरीचं...

१४ फेब्रु.
बाईंचा निरोप. पडण्याचा भाग नीट बघायचाय, गुरुवारी मुंबईला या. केवढं बरं वाटलं! कुंदा म्हणते, “तुम्ही घाबरलात, म्हणजे मला जमलं.”
सूनबाई, “मामा, तुम्ही नका जाऊ बरं, मुंबईची लाईट घालवाल.”

१६ फेब्रु.
सकाळच्या गाडीने गेली, वडील सोबत. ती तिथे चार दिवस राहणार. घरात कुणी नाही बघून घोंगडी अंथरली अन पडून बघितलं. आधी ढोपर, मग मांडी, मग खांदा. खरंच लागत नाही.
कुंदा, घेवोत न घेवोत, आधी एक कार्ड टाक. नाही म्हणाल्या तरी टाक. लवकर टाक, पोरी.