लाकडी अंडं

लबाड शमेताई,

आज लाल बुधवार, आपलं यझिदींचं नवं वर्ष. दहा वर्षांनी सिंजारच्या घरी आलेय. पडक्या चुलीमागचा कोनाडा साफ करताना तुझं अंडं सापडलं. दर सणाला अंड्यावर अंडं आपटायच्या टकरीत माझी सगळी अंडी फोडायचीस आणि कोऱ्या चेहऱ्याने म्हणायचीस, "नशीब लागतं, बाई!" कांद्याच्या सालीत रंगवलेलं तुझं ते अंडं चक्क लाकडाचं निघालं! तेरा वर्षांची होईपर्यंत मी फसत राहिले.

आपल्या यझिदींच्या हातचं दही विटाळलेलं म्हणून बाजारात कुणी घेत नसे, तेव्हाही तू चेहरा असाच कोरा ठेवायचीस. "बरं झालं, आपल्यालाच उरलं."

मग काळे झेंडेवाले आले. शाळेच्या आवारात मुली निवडणाऱ्याने माझा दंड धरला, तर तू त्याच कोऱ्या चेहऱ्याने म्हणालीस, "ही होय? नऊ वर्षांची आहे. अजून अंथरुणात मुतते." त्याने नाक मुरडून मला आईकडे ढकललं आणि तुला नेलं. चारचौघांत लाज काढलीस म्हणून मी तुझ्याकडे रागाने पाहिलं. माझं तेच तोंड तू शेवटचं पाहिलंस.

तुझा पत्ता कुणालाच ठाऊक नाही, म्हणून हे पत्र कोनाड्यातच ठेवतेय. आज माझं अंडं तुझ्या अंड्यावर आपटलं. माझंच फुटलं. सणाच्या रीतीप्रमाणे टरफलं चिखलाने दारावर चिकटवलीत, शेजारी रानातली लाल फुलं. आलीस तर घर ओळखशील.

राग गेला गं, केव्हाच.

तुझी नऊ वर्षांची,
अदले