डब्याचं झाकण

सर, तुम्हाला सर म्हटलेलं खपायचं नाही, म्हणून मुद्दाम सर. आणि मुद्दाम मराठीत, म्हणजे जिवंत असतात तरी एक अक्षर कळलं नसतं. सेटवर तुम्ही मला बल्गेरियनमध्ये शिव्या घालायचात, त्या मला तरी कुठे कळायच्या? फिट्टंफाट.

तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी काल फिल्म स्कूलमध्ये तुमच्या कामाचा सोहळा झाला. बल्गेरियात सोफियाच्या सरकारी स्टुडिओत तुम्ही कॅमेरामन म्हणून केलेले कृष्णधवल चित्रपट दाखवले, मग तो स्टुडिओ बंद पडला, मग सिंगापूर, इथल्या जाहिराती, मालिका, आणि शेवटी तो शॉट. तो पडद्यावर आला की सभागृह गप्प होतं आणि माझं डोकं फिरतं. इतकं चांगलं काम नावावर असताना तेवढा एक सोडवला नाही का हो तुम्हाला?

इथल्या वुडलँड्स भागातला फ्लॅट. वीतभर स्वयंपाकघर, सिंकपाशी तांदूळ धुणारी म्हातारी नटी, आणि तुमच्या मोठाल्या दिव्यांखाली तिचा चेहरा पीठ फासल्यासारखा दिसतोय. तुम्ही निर्मात्याशी भांडायला खाली गेलात आणि मी तुमची असिस्टंट, मी सगळे दिवे बंद केले. कॉरिडॉरच्या खिडकीतून येणारा उजेड तेवढा उरला. हनुवटी मात्र काळोखात. मग पुण्याहून निघताना आईने दिलेल्या माझ्या स्टीलच्या डब्याचं झाकण मी ओढणीने पुसलं आणि ओट्यावर तिरकं टेकवलं. उजेड बरोबर हनुवटीवर आला. तेवढ्यात तुम्ही वर येता, कॅमेऱ्याला डोळा लावता, आणि सगळ्यांसमोर ओरडता, “माझ्या दिव्यांना हात कोणी लावला? तू असिस्टंट आहेस. सामान उचल.” आणि मग काहीही न हलवता शॉट घेता. झाकणसुद्धा न हलवता. जेवायच्या सुट्टीपर्यंत डबा उघडाच राहिला, पोळ्या कडक झाल्या. मी त्या तशाच खाल्ल्या.

शॉटला बक्षीस मिळालं. तुमची मुलाखत मी क्लेमेंटीच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या गाळ्यांच्या गर्दीत, जेवता जेवता फोनवर वाचली. लहानपणी म्हणे तुमच्या आईच्या स्वयंपाकघरात तांब्याचं झाकण भिंतीला टेकवलेलं असायचं, त्याचा उजेड तिच्या चेहऱ्यावर पडायचा. माझ्या आईचं झाकण तुम्ही तुमच्या आईला देऊन मोकळे झालात. चोरायचं तर चोरा, त्यात आईला कशाला ओढता? जाब विचारायला आले, तर म्हणालात, “मी शिकवलं, म्हणून तुला सुचलं.” चोराच्या उलट्या बोंबा. त्यानंतर मी तुमच्याकडे पाऊल टाकलं नाही. अंत्यविधीलाही आले नाही आणि त्याचं मला वाईट वाटलेलं नाही.

काल कार्यक्रम संपल्यावर तुमची मुलगी माझ्यापाशी आली. सोफियाहून आलीय, कपाळ अगदी तुमचं. म्हणाली, “आजी स्वयंपाक करायचीच नाही. सगळे कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये जेवायचे. घरात तांब्याचं झाकण नव्हतं. मग शॉटमधलं ते झाकण कुणाचं होतं, तुम्हाला माहीत आहे?”

इतकी वर्षं घोकलेला शब्द. “माझं,” मी म्हणाले.

ती म्हणाली, “म्हणजे सगळा शॉटच तुमचा?”

हो म्हटलं असतं, तर तिने मानलं असतं. माझ्या जिभेवर आलंही होतं. पण पहिल्याच आठवड्यात तुम्ही मला दरडावून सांगितलं होतं, खोलीत शिरलीस की आधी सगळं विझव आणि काय उरतं ते बघ. त्या दिवशी वुडलँड्समध्ये ते तुम्हीच विसरलात, मी विसरले नाही, एवढंच.

“झाकण माझं,” मी तिला सांगितलं. “विझवायला त्यांनी शिकवलं.”

तुमची कबर कुठे आहे ते तिने लिहून दिलंय. हे पत्र मी तिथे पाठवणार नाही. आणि एक सांगते, तुम्ही जिवंत असतात, तर ते दुसरं वाक्य माझ्या तोंडून निघालं नसतं.