तोच प्रसंग, दुसऱ्यांदा

ती. बाबांस,

"पडद्यावर माणसं बोलत असताना मागचं वाजवणं ऐकतंय कोण?" असं तुम्ही मला आयुष्यभर ऐकवलंत. आज उत्तर देतेय.

काल माझ्या सिनेमाच्या पहिल्या खेळाला तांत्रिक घोटाळा झाला आणि माझं संगीत लागलंच नाही. पडद्यावरची आई गेलेल्या मुलाचा सदरा छातीशी धरून हुंदके देत होती आणि लोक चक्क हसले. सगळ्यात मोठ्याने तुम्ही. दिग्दर्शकाचं तोंड एवढंसं झालं. मी मात्र ताठ उभी राहिले आणि म्हटलं, "संगीत लावा आणि हाच प्रसंग पुन्हा दाखवा."

या वेळी तिने सदरा उचलायच्या जरा आधी माझं एकच व्हायोलिन हळूच सुरू झालं. मग कुणी हूं की चूं केलं नाही. तुम्ही तर माझाच रुमाल ओढून घेतलात.

बाहेर आल्यावर म्हणालात, "पोरी, दुसऱ्यांदा काय सुंदर रडली गं ती!"

बाबा, ती एकदाच रडली होती.

हे पत्र मी टाकणार नाही. तुम्ही खुशाल तिचं कौतुक करा. ते जिथे पोचायचं तिथे पोचतं.

तुमची,
मागचं वाजवणारी