नुसती सही

सोमवार, ४ मार्च

बदली आली! भूगोलाची बदली. आणि कुठे, तर नकाशाच्या पार दुसऱ्या टोकाला, जिथे रेल्वे संपते आणि पुढे बस धरावी लागते. इतकी वर्षं फळ्याशी उभी राहून पोरांना हेच गाव दाखवत आली. आता स्वतःच जाऊन बघ म्हणावं. नवं सत्र सुरू होताच हजर व्हायचं आहे.

मला घरी आल्या आल्या रडूच आलं. तिने मात्र आदेशाची घडी घातली, पर्समध्ये ठेवली आणि कांदा चिरायला घेतला. सरकारी शाळेत भूगोल शिकवते म्हणून मी तिला भूगोल म्हणते. पण कधी कधी बाई खरंच डोंगरासारखी बसते, हलता हलत नाही. केस काळे होते तेव्हापासून एका घरात राहतोय आम्ही. खालच्या काकू अजून 'तुझी मैत्रीण' म्हणतात. म्हणोत बापड्या.

बरं, उपाय नाही असंही नाही! गेल्या वर्षी तो कायदा झाला — दोघी बायका असा नाहीतर दोघे पुरुष, लग्न करता येणार नाही, पण 'सहजीवन' म्हणून नोंदणी करा. नोंदणी असली की सरकारी नोकराची बदली जोडीदाराच्या गावाबाहेर होत नाही. एक सही केली की संपलं. म्हटलं, उद्याच जाऊन येऊ. तर कांद्यावरची मान वर न करता म्हणाली, "मी ती सही करणार नाही. तुला माहीत आहे."

माहीत आहे! माहीत आहे म्हणून तर डोकं फिरतं.

बुधवार, ६ मार्च

आज तिच्या मंडळाची बैठक आमच्याच घरी. ही चिटणीस. लग्नाचा हक्क मिळेपर्यंत मंडळातल्या कोणीही ती सहजीवनाची नोंदणी करायची नाही, हा ठरावही हिनेच लिहिलेला. कोर्टात त्यांचा दावा चालू आहे, तारखेवर तारीख पडते. आपणच ही अर्धीमुर्धी सोय पदरात पाडून घेतली तर कोर्ट म्हणेल, यांचं भागलं की! मुद्दा मला कळत नाही असं नाही. मी मठ्ठ नाही.

पण माझ्याच बैठकीच्या खोलीत बसून, माझ्याच हातचा चहा पिऊन सगळे 'दुय्यम दर्जा', 'दुय्यम दर्जा' करत होते तेव्हा राहवलं नाही. ट्रे हातात धरूनच विचारलं, आणि हिच्या बदलीचं काय? सगळ्यांनी कप तोंडाला लावले. मग मंडळाचा तो लुकडा वकील खाकरला आणि म्हणाला, चळवळीत थोडा त्याग करावाच लागतो.

त्याचा जोडीदार त्याच्याच ऑफिसात काम करतो. टेबलाला टेबल लावून.

शनिवार, ९ मार्च

अबोला. भांडी मात्र दोघींनी घासली. मी घासली, तिने विसळली.

रविवार, १० मार्च

फोनवर फोन. आधी माझा दादा. "सही करून टाका गं गुपचूप, गाजावाजा कशाला?" याच दादाने स्वतःच्या लग्नात गावभर पत्रिका वाटल्या होत्या. मग तिची आई. या माउलीने कित्येक वर्षं आमच्या घराची पायरी चढली नाही. आता म्हणे, लग्न तेवढं म्हणू नका, बाकी काय ते कागद करा, पण माझी पोर एवढ्या लांब नको.

एकाएकी सगळे आमच्या बाजूचे! का, तर या नोंदणीला कोणाला यावं लागत नाही, कोणाला बघावं लागत नाही, कोणाला सांगावं लागत नाही.

आणि तरीही मला ती नोंदणी हवी आहे. लिहून ठेवते. संध्याकाळी कुलपात किल्ली फिरल्याचा आवाज आला नाही तर मी जेवणार नाही, मला माहीत आहे. तत्त्व तिला लखलाभ.

बुधवार, १३ मार्च

आज गंमतच झाली. गंमत म्हणायची की डोक्याला ताप, ते ठरवायचंय.

मी पेशंट कधी बघतच नाही. दातांचा दवाखाना पुढे, कवळ्या बनवायची माझी खोली मागे. माझ्याकडे येतात ते त्यांचे प्लास्टरचे जबडे. आज डॉक्टर स्वतः एक जबडा घेऊन आले आणि कुजबुजत म्हणाले, ही कवळी जरा जीव लावून करा, मोठं माणूस आहे. कोण, तर ते निवृत्त न्यायमूर्ती! ज्या समितीने हा सहजीवनाचा कायदा सुचवला तिचे अध्यक्ष. 'लग्न जसं आहे तसं राहू द्यावं, यांना वेगळी सोय द्यावी' — हे वाक्य त्यांचंच. आता त्याच विषयावर गावोगाव व्याख्यानं द्यायची आहेत आणि वरचे दात सगळे गेलेत.

जबडा टेबलावर ठेवून बराच वेळ बघत बसले. साधाच जबडा. सगळ्यांचा असतो तसा.

घरी सांगितलं तर भूगोल किती दिवसांनी खळखळून हसली. म्हणाली, "अशी बसव की बोलताना शिट्टी वाजली पाहिजे."

शुक्रवार, १५ मार्च

मेणात दात बसवून झाले. मुद्दाम वाईट करायचा विचार मनात येऊन गेला, खोटं कशाला लिहू? पण हात ऐकत नाही. वाकडा दात दिसला की बोट आपोआप सरळ करायला जातं.

मंगळवार, १९ मार्च

आणि तरी शिट्टी वाजलीच! देवाशपथ, मी काही केलं नव्हतं.

पक्की कवळी करण्याआधी मेणाची घालून बघतात. तेव्हा डॉक्टर पेशंटला एकसष्टपासून एकोणसत्तरपर्यंत मोजायला लावतात. एकसष्ट, बासष्ट म्हणताना दात चुकीचे बसले असतील तर लगेच कळतं. न्यायमूर्ती मोजायला तयार होईनात. शाळकरी पोर वाटतो का मी? त्यांनी खिशातून भाषणच काढलं आणि वाचायला लागले. 'सुसंस्कृत समाजाची सहनशीलता... संसार ही संस्था... सहजीवनाची सोय...' प्रत्येक सला सुईऽऽ. कुकर लावल्यासारखं. डॉक्टरांनी घाईघाईने मला आतून बोलावलं.

मग काय, कवळी काढायची, पुढच्या दातांमागचं मेण जरा चढवायचं, घालायची, पुन्हा वाचा म्हणायचं. पुन्हा सुईऽऽ. पुन्हा काढायची. ते भाषण त्यांच्या बायकोनेसुद्धा इतक्यांदा ऐकलं नसेल. शेवटी शिट्टी गेली आणि वाक्यं स्वच्छ ऐकू यायला लागली. तेव्हा मात्र मला हसू येईना.

माणूस वाईट नाही हो, हाच तर वैताग आहे. वाईट असता तर बरं झालं असतं. उठून हात जोडून आभार मानले. हातात कला आहे म्हणाले. मग अगदी घरच्यासारखं विचारलं, मिस्टर काय करतात? काय अंगात आलं कोण जाणे, मी सरळ सांगून टाकलं, मिस्टर नाहीत, माझी जोडीदारीण आहे, शाळेत शिक्षिका आहे. डॉक्टर एकदम हात धुवायला वळले.

न्यायमूर्तींचा चेहरा मात्र खुलला. "अहो, मग हे सगळं तुमच्यासाठीच तर केलं की मी! नोंदणी केलीत ना?"

मी म्हटलं, नाही. ती तयार नाही.

"समजवा त्यांना. आता हे बघा," ते म्हणाले आणि बोटाने दातांवर टिचकी मारली. "हे काही माझे दात नाहीत. पण म्हणून जेवण अडणार आहे का माझं?"

डॉक्टर हसले. मीसुद्धा हसले! हसले आणि मेणाचं पातेलं उचलून मागे निघून आले.

बुधवार, २० मार्च

दिवसभर चिडचिड. कवळीचं अक्रिलिक दोनदा बिघडलं. काय बोलायला हवं होतं ते आता सुचतंय. साहेब, कवळी रोज झोपताना काढून वाटीत ठेवावी लागते, हे तुम्हाला अजून कोणी सांगितलेलं दिसत नाही!

भूगोलाला सगळं सांगितलं. मला वाटलं आता झडप घालेल — बघ, मी काय म्हणत होते! ऐकून घ्यायच्या तयारीने आधीच तोंडावर हात ठेवून बसले होते. पण नाही. नुसती ऐकत राहिली. मग म्हणाली, "त्यांना सांगितलंस तू? माझ्याबद्दल? स्वतःहून?" आणि कितीतरी वेळ माझ्याकडे बघत बसली. मी काही फार मोठं केलं नाही. दात बसवत होते, बोलून गेले.

रविवार, २४ मार्च

कडाक्याचं भांडण. तिने माळ्यावरून सुटकेस काढली, धूळ झटकायला गॅलरीत ठेवली. तेवढं बघायचा अवकाश, माझा तोल गेला. नको नको ते बोलले. तुझं लग्न त्या ठरावाशी लागलंय, मी आपली वरकामाला! तुला मी हवी की तो कागद? ती म्हणाली, दोन्ही. मी म्हटलं, दोन्ही मिळत नसतं, बाजारात जाऊन बघ. काकूंनी खालून पाट्यावर काहीतरी आपटलं, तेव्हा आवाज खाली आणला.

मग ती रडली. डोंगर रडताना मी कधी बघितला नव्हता. काय करावं कळेना, पाणी आणून दिलं.

मंगळवार, २६ मार्च

भूगोलाने चिटणीसपद सोडलं! शाळेतून परस्पर जाऊन राजीनामा देऊन आली आणि चप्पल काढता काढता म्हणाली, "चल. सही करू."

जिंकले मी! इतकी हलकी झाले की रस्सा खारट झालेला तिने सांगेपर्यंत कळलं नाही.

गुरुवार, २८ मार्च

लुकड्या वकिलाचा फोन. गद्दारी वगैरे शब्द पलीकडून मला ऐकू येत होते. ही आपली हूं हूं करतेय! फोन हिसकावून घेतला आणि त्याला म्हटलं, तुझ्या जोडीदाराला पाठव तिकडे रेल्वेच्या टोकाला, मग त्यागावर बोल. ठेवून दिला. बरं वाटलं.

पुढच्या मंगळवारची वेळ मिळाली. तिच्या वरिष्ठांनी सांगितलंय, नोंदणीची प्रत दिलीत की बदली रद्द, नाहीतर नाही.

न्यायमूर्ती पक्की कवळी घेऊन गेले. एकही स चुकला नाही म्हणे. डॉक्टर खूश.

सोमवार, १ एप्रिल

उद्या. भूगोलाने अर्धी रजा टाकली आहे. मी ठेवणीतले कपडे काढून इस्त्री केली, केस धुतले. काकूंनी विचारलं, काही विशेष? म्हटलं, कागदाचं काम आहे. कागदाच्या कामाला केस कशाला धुतले, ते माझं मलाच कळलं नाही. आरशासमोर पोरीसारखी उभी होते. हसली मला भूगोल. तिनेही कानातलं बदललंय, बोलत नाही एवढंच.

मंगळवार, २ एप्रिल

नोंदणी झाली नाही.

दुकानांच्या परवान्यांची आणि आमची खिडकी एकच. शेजारच्या खोलीचं दार उघडं होतं, आत कोणाचं तरी लग्न नोंदवत होते. साहेबाने उभं राहून त्या मुलीला विचारलं, याला नवरा म्हणून स्वीकारतेस का? आणि तिच्या उत्तरासाठी सगळी खोली थांबली. इकडे खिडकीतून कागद आला. भूगोलाने मुकाट सही केली, पेन माझ्याकडे दिलं. मी खिडकीतल्या बाईंना म्हटलं, आम्हाला कोणी काही विचारणार नाही का? "नाही हो," त्या म्हणाल्या, "तुमचं नुसती सही."

पेन खाली ठेवलं. मी. तिने नाही, मी ठेवलं!

जिन्यात भूगोलाने माझा हात धरला, तो रस्त्यावर, सगळ्यांसमोर, घर येईपर्यंत सोडला नाही. जूनमध्ये ती जाईल.