ग्युम्रीच्या दगडी घरात मी झोपले

प्रिय शिवराज,

दचकलात ना? चौतीस वर्षं 'अहो' म्हणून हाक मारली, नाव घेतलं ते फक्त उखाण्यात. आता घेतलं तर काय बिघडतंय? तुम्ही काही वर्तमानपत्रातून मान वर करून बघणार नाही. म्हटलं, एकदा सरळ नावानंच बोलावून पाहू.

पत्राचं कारण आज सकाळी घडलं. सध्या मी नांदेडला आपल्या मंगलकडे आहे. चहा गाळत होते, तेवढ्यात ओट्यावरच्या कपबशा वाजायला लागल्या. पाच-सहा सेकंदांचा धक्का असेल, पण अख्खी इमारत तीन मजले उतरून खाली. मंगलनं मला दंडाला धरून ओढतच नेलं. कुणी रडतंय, कुणी गावाकडे फोन लावतंय. अर्ध्या तासानं मी म्हटलं, "चला आता वर." कुणी हलेना.

"आई, येडी झालीस का? आप्पा असते तर..." मंगल म्हणाली.

तुम्ही असतात तर? तुम्ही असतात तर आठ दिवस आम्ही सगळे त्या पार्किंगमध्ये सतरंज्या टाकून राहिलो असतो! मी एकटी जिना चढून वर आले. गॅस बघितला, भिंतींना कुठं तडा गेलाय का ते बघितलं आणि नवा चहा टाकला. एक डोळा दाराकडंच होता, खोटं कशाला सांगू? पण सगळ्यात आधी वर आले ती मी. हे तुम्हाला सांगायचंच होतं. आणि थोडं भांडायचंही आहे.

मला त्र्याण्णवच्या भूकंपाचे ते दिवस आठवत नाहीत असं समजू नका. गणपती विसर्जनासाठी आपण माझ्या माहेरी, चाकूरला गेलो होतो. मंगल मांडीवर होती. सासूबाई तेवढ्या किल्लारीजवळच्या आपल्या गावी, घरात एकट्या राहिल्या. भूकंपानंतर तुम्ही गावी पोहोचलात आणि हातांनी दगड उपसत बसलात. सापडल्या तेव्हा त्यांच्या तोंडात माती होती. तुम्ही हे मला एकदाच सांगितलंत, त्यानंतर कधीच नाही.

त्यानंतर तुम्ही लातुरात पत्र्याच्या शेडमध्ये दुकान टाकलंत आणि आपण तिथंच पत्र्याखाली राहायला गेलो. मला वाटलं, दोन-चार वर्षं. लोकांनी घरं बांधली, घरांवर मजले चढवले, भाऊजींनी तर तीन मजली बंगला उभा केला. आपण मात्र पत्र्यातच! उन्हाळ्यात ती खोली कशी भट्टी व्हायची, आठवतंय? मी ओला पंचा डोक्यावर घेऊन भाकरी थापायची. तुम्ही म्हणायचात, "उकडतंय तर उकडू दे. डोक्यावर दगड तर न्हाई ना?"

आणि प्रवास? नावच काढायचं नाही. माहूरला जाऊ म्हटलं तर सकाळी जाऊन संध्याकाळी परत. रेणुकामाईचं दर्शन झाल्यावर मुक्कामाचं काढलं की तुमचं लक्ष लॉजच्या छताकडे. "परक्या मुलखातली जमीन कशी हाय, काय ठावं?" हे तुमचं ठरलेलं वाक्य. मंगलला पुण्यात प्रवेश मिळत होता, पण हॉस्टेल पाचव्या मजल्यावर. तुम्ही नको म्हणालात. ती माझ्याकडे बघत राहिली आणि मी काय केलं? "आप्पांना चालायचं न्हाई" म्हणून तिचा अर्ज कपाटात ठेवून दिला. खरं सांगू? तुमचं नाव मी पुढं केलं. भीत मीही होते. तिचा रुसवा तुम्ही सोसलात, मी नाही.

आता जे सांगायचंय ते मला जड जातंय.

दवाखान्यात शेवटच्या आठवड्यात तुम्ही माझा हात धरून म्हणालात, "मला मातीत बसवू नगा. माय तशीच गावली व्हती. मला जाळा." आपल्या लिंगायतांत जाळत नाहीत, बसवून पुरतात, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. तरी म्हणालात. आणि मी "हाव" म्हणाले.

त्या दिवशी अंगणात माणसं भरली. मी भाऊजींना सांगितलं. ते म्हणाले, "वैनी, आपल्यात जाळतेत का कुटं? समाज काय म्हनंल? त्येनं तापात बरळलं आसंल." मी पुन्हा सांगायला तोंड उघडलं. बायकांनी मला खाली बसवलं आणि मी बसले. तुम्हाला मांडी घालून खड्ड्यात बसवलं, डाव्या हातात इष्टलिंग दिलं, अंगाला विभूती लावली, बेल वाहिला. आणि मग माती. मीही एक मूठ टाकली, शिवराज. तुम्ही नको म्हणालेली माती मी माझ्या हातानं टाकली.

त्यानंतर तीन महिने मी त्या पत्र्याखाली बसून होते. डोक्यात एकच, की आपण दुसऱ्यांदा का बोललो नाही. एक दिवस मोबाइलवर भूकंप झालेली गावं बघता बघता ग्युम्री दिसलं. आर्मेनिया नावाच्या देशातलं. आपल्या पाच वर्षं आधी तिथंही सगळं कोसळलं होतं आणि लोक आपल्यासारखेच वर्षानुवर्षं पत्र्याच्या डब्यांत राहिले होते. आम्हीच तेवढे वेडे नाही, हे बघून मला काय बरं वाटलं! मंगलला फोन केला. म्हटलं, मला इथं जायचंय. टूरवाला म्हणाला, "काकू, दुबई बघा, युरोप बघा. तिकडं कोण जातंय?" म्हटलं, कोण जात नाही म्हणूनच.

भाऊजी पेटले! "वैनी, वर्स बी झालं न्हाई अन् तुमी इमानात बसून राहिल्या? लोकाला काय सांगावं?"

"भाऊजी, आपल्यात सुतक पाळतेत का?" मी विचारलं.

"न्हाई पाळत. पर..."

"मंग पर काय? मातीत बसवायच्या टायमाला आपली रीत आठवली. आता बी तीच रीत आठवा की."

ते उठून गेले. इतकं सोपं होतं हे? मग त्या दिवशी का नाही जमलं?

मंगलनं व्हिसा, तिकिटं, सगळं करून दिलं. रजा मिळाली नाही म्हणून ती आली नाही आणि खरं तर मला एकटीलाच जायचं होतं. मुंबईला विमानतळावर तपासणीत पोलीस बाई म्हणाली, "गळ्यातलं काढून ट्रेमध्ये ठेवा." म्हटलं, "बाई, हे लिंग आहे. जिवंत आहे तोवर अंगावरून उतरत नाही. पडद्याआड न्या, उघडून बघा, पण दोरा निघणार नाही." मागं रांग खोळंबली, लोक चुळबुळ करायला लागले. करू देत! तिनं पडद्याआड नेलं, चांदीची डबी उघडून बघितली आणि हात जोडून सोडलं.

राजधानी येरेवानमधून एक मोठा बर्फाचा डोंगर दिसतो, आरारात. तिथल्या दुकानांच्या पाट्यांवर तोच, बाटल्यांवर तोच. पण डोंगर आहे शेजारच्या देशात, वाट बंद. रोज समोर बघायचा आणि जायचं नाही. मला आपली आठवण झाली.

ग्युम्रीला मी सिरानुश नावाच्या बाईच्या घरी उतरले. माझ्याच वयाची, जाडजूड, बोलायला मोठ्यांदा. घर काळ्या दगडाचं, तिच्या आजोबांच्या वेळचं. दारात माझा पाय अडला. दोन-दोन हात जाडीच्या दगडी भिंती! तुम्ही म्हणाल, शहाणी असशील तर माघारी फिर. मी बॅग आत ओढली.

तिनं पहिल्याच जेवणात मटण वाढलं. मी लिंगाला हात लावून मान हलवली, तिनं ताट उचललं आणि मला अंगणातल्या जमिनीतल्या भट्टीकडं घेऊन गेली. शेजारणी उशीएवढ्या गादीवर पातळ पोळी ताणून भट्टीच्या आतल्या भिंतीवर थापत होत्या. मीही एक थापली, ती निखाऱ्यात पडली. सगळ्या खदाखदा हसल्या. मग मी आपली शेंगदाण्याची चटणी काढली. सिरानुशनं चमचाभर तोंडात घातली आणि डोळ्यांतून पाणी काढत नळाकडं पळाली. फिटंफाट!

आम्ही मोबाइलमधून बोलायचो. ती तिच्या भाषेत बोलायची आणि फोनमधली बाई मला शुद्ध पुणेरीत सांगायची. सिरानुशनं मला मार्माशेनला नेलं. नदीकाठी गवतात उभी जुनी तांबूस दगडाची देवळं, त्यांचा मठ म्हणे. आमच्याशिवाय एक मेंढपाळ आणि त्याची मेंढरं. तिकीट नाही, रांग नाही, कुणी फोटोसाठी ढकलत नाही. आत बारीक मेणबत्त्या वाळूत खोचतात. मी तुमची एक लावली, सासूबाईंची एक. दुसऱ्यांच्या देवळात? हो. चालत नसेल तर सांगा!

तिथंच पायरीवर बसून मी तिला सगळं सांगितलं. तुमचं बोलणं, खड्डा, माझी मूठ. तिनं फोन तोंडाशी नेला. फोनमधली बाई म्हणाली, "आपण ओरडला का नाहीत?"

इथं मला असं कुणी विचारलंच नव्हतं. सगळ्यांनी "देवाची इच्छा" म्हटलं, "झालं ते चांगलं झालं" म्हटलं. मी रडले, चांगली मोठ्यांदा रडले. मेंढरंही बघायला लागली. तिनं समजूत घातली नाही, नुसती शेजारी बसून राहिली.

घरी आल्यावर तिनं एका भिंतीवर हात ठेवला. तिची आई ह्याच भिंतीखाली सापडली होती. सिरानुश वीस वर्षं पत्र्याच्या डब्यात राहिली. मग गवंडी बोलावले, प्रत्येक भिंतीत लोखंड घालताना स्वतः समोर उभी राहिली आणि परत आली. आता तिची कॉट त्याच भिंतीला लागून आहे. माझी पलीकडच्या बाजूला होती. पहिल्या रात्री, पळता यावं म्हणून, मी चप्पल घालूनच आडवी झाले. चौथ्या दिवशी सकाळी तिनं हलवून उठवलं, नाश्ता गार झाला होता.

मला तुमचा राग येतो, शिवराज. तुम्ही घाबरलात ह्याचा नाही. तुमच्या जागी कुणीही घाबरलं असतं. तुम्ही तुमची भीती आपल्या तिघांची केलीत आणि मी ती करू दिली, ह्याचा राग येतो. तुमच्यावर अर्धा, माझ्यावर अर्धा. क्षमा मात्र एकाच गोष्टीची मागते, त्या दिवशी खाली बसले त्याची.

मंगलला मी पुण्याच्या अर्जाचं खरं सांगितलं. दोन दिवस तिचा रुसवा मीही सोसला. तिसऱ्या दिवशी म्हणाली, "पुढच्या टायमाला मी बी येते." पुढच्या वेळी कुठं, ते अजून ठरलं नाही. पण ज्या देशाचं नाव ऐकून भाऊजी "ह्ये कुटं आलं?" विचारतील, असाच बघणार आहे.

आणि एक वचन देते. माझी वेळ येईल तेव्हा मला तुमच्या अगदी शेजारी बसवायचं, हे मंगलला लिहून दिलंय आणि भाऊजींसमोर वाचूनही दाखवलंय. कुणाची रीत म्हणून नाही. मला मातीची भीती वाटत नाही आणि तुम्हाला वाटते, म्हणून. तुम्हाला तिथं एकटं ठेवणार नाही. पण लवकर येईन असं समजू नका. मला उशीर होणार आहे, चांगला वीस-पंचवीस वर्षं. तोवर बसा धीर धरून.

तुमचीच,
महानंदा