पाण्याच्या टाकीमागे

ता. ६ जानेवारी

चि. मास्तरीणबाईंस,
अनेक आशीर्वाद. वि. वि. धाकट्या बहिणीनं कितीही डोळे वटारले तरी ती धाकटीच राहते, हे आधी लिहून ठेवतो.

मागच्या खेपेचं उत्तर अण्णांनी खिडकीवर छाती काढून दिलं, हे वाचून दिवसभर चादरी हलक्या वाटल्या. लॉन्ड्रीत रोज चारेकशे ओल्या चादरी माझ्या हाताखालून जातात. पैसे पाठवताना प्रश्न आणि त्याचं उत्तर लिहून द्यावं लागतं, आणि तिथल्या खिडकीवर उत्तर जुळलं तरच पैसे हातात पडतात. इथले बाकीचे आपले आईचं नाव लिहून मोकळे होतात. मी मात्र दर महिन्याला घरातलं काहीतरी जुनं उकरून काढतो. स्टोव्ह दुरुस्तीचं दुकान बंद केल्यापासून अण्णा उंबरा ओलांडत नाहीत, निदान या निमित्तानं इस्त्रीचा शर्ट घालून बाहेर तरी पडतात.

या वेळी त्यांच्या डोळ्याच्या ऑपरेशनचेही पैसे आहेत. पावतीचा नंबर मागे लिहिलाय. प्रश्न मात्र फक्त अण्णांसाठी आहे, अकरा वर्षं मनात होता. तू मध्ये तोंड घालू नकोस.

अण्णांना शि. सा. न. तुझी माया आहे तशीच असू दे.
तुझा दादा

ता. २४ जानेवारी

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि. पैसे मिळाले नाहीत. रागावले आहे, तेव्हा अक्षराला नावं ठेवू नकोस.

खिडकीवरच्या बाईंनी तुझा प्रश्न सगळ्या रांगेला ऐकू जाईल असा वाचला: मी घर सोडलं त्या दिवशी तुम्ही कुठे होता? दादा, हा प्रश्न आहे की टोमणा? अण्णा क्षणाचाही विचार न करता म्हणाले, पाण्याच्या टाकीमागे. बाई म्हणाल्या, चूक. त्यांनी पुन्हा तेच सांगितलं, तिसऱ्यांदा तर बाईंनाच दटावलं. तीन उत्तरं चुकली की पैसे माघारी जातात, तसे ते गेले.

आता जे लपवलं ते सांगते. चार महिने झाले, अण्णा विसरायला लागलेत. जेवून उठतात आणि आज जेवण नाही का, असं विचारतात. मी शिवणाची मशीन थांबवली की शाळा सुटली का म्हणतात. मागच्या दोन्ही खेपांची उत्तरं मीच दिली होती. छाती काढून वगैरे माझीच भर, तुला बरं वाटावं म्हणून. म्हणून टाकी ऐकल्यावर मला वाटलं, गेलं, हेही गेलं. आई असेपर्यंत सांगायची की दुकान सोडून परक्या मुलखात निघालास याचा त्यांना इतका राग होता, की त्या दिवशी ते दुकानातून हललेच नाहीत. ऑपरेशनची तारीख पाच मार्च आहे. काहीतरी कर.

आमच्यावर रागावलास तरी लोभ कमी करू नकोस.
तुझी मास्तरीण

ता. ९ फेब्रुवारी

चि. मास्तरणीस,
अनेक आशीर्वाद. तुझं पत्र इस्त्रीच्या यंत्रापाशी उभ्यानं वाचलं आणि एक चादर जळाली. मुकादमानं यथेच्छ तोंडसुख घेतलं, मला एक अक्षर ऐकू आलं नाही.

चार महिने लपवलंस याचा राग आला. दोन दिवसांनी ओसरला. इतकी वर्षं नुसते पैसे पाठवणाऱ्यानं कुठल्या तोंडानं रागवायचं?

आता नीट वाच. मी उत्तर लिहिलं होतं, दुकानात. टोमणाच होता तो, कबूल करतो. पण त्या दिवशी आमची गाडी स्टँडाबाहेर पडली आणि पाण्याच्या टाकीपाशी थांबली होती. का थांबली, ते मी लाजेपायी आजवर कुणाला सांगितलं नाही, आईलाही नाही. मग अण्णांच्या तोंडी टाकी आली कुठून?

पैसे आजच पुन्हा पाठवले आहेत. प्रश्न तोच ठेवलाय, उत्तर बदललंय. त्यांना घेऊन जा आणि त्यांनाच बोलू दे.

मी वाट बघतोय.
तुझा दादा

ता. २७ फेब्रुवारी

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि. पैसे मिळाले.

अण्णांनी तेच उत्तर दिलं आणि बाईंना वर सुनावलं की मागच्या वेळी काय कानात बोळे घातले होते का! रांग हसली. मला हसू येईना.

बाहेर पायरीवर बसून ते आपणहून बोलायला लागले. टपावरून तुझी पत्र्याची पेटी निसटली, झाकण उघडलं आणि कपडे रस्त्याभर झाले. तू एका पायात चप्पल अन् दुसरा अनवाणी असा खाली धावलास. ती कडी बदल म्हणून मी त्याला दहादा बजावलं होतं, असं म्हणून आजही चिडले. कपडे गोळा करायला पुढे यावंसं वाटलं, पण सकाळी तुझं तोंड बघणार नाही म्हणाले होते ना, पाय उचलेना. टाकीच्या आडून बघत उभे राहिले, एवढंच. दादा, हे सांगताना ते लहान मुलासारखे रडले, आणि मीही.

मग ते उठून परत खिडकीवर गेले. आपल्यालाही त्याला एक प्रश्न विचारायचाय म्हणाले. पैसे घेणाऱ्याला प्रश्न विचारता येत नाही, असं बाईंनी सांगितलं. तेव्हा मला लिहायला लावलं आहे: पेटी वर चढवून झाली होती, ड्रायव्हर शंख करत होता, तरी तू गाडीच्या पायरीवर एवढा वेळ कुणाची वाट बघत उभा होतास?

उत्तर लवकर पाठव.
तुझी धाकटी

ता. १५ मार्च

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद. ऑपरेशन ठरल्याप्रमाणे झालं असेल. या महिन्यात पैसे पाठवत नाही, त्या पैशांत माझं तिकीट काढलंय. एकतीस तारखेला पोचतो.

उत्तर पत्रात लिहिणार नाही, अण्णांच्या समोर उभा राहून देणार आहे. तोवर ते प्रश्न विसरले, तर रोज सकाळी त्यांना आठवण करून दे.

बाकी भेटीअंती.
तुझा दादा