बगळ्यांमागे ड्रोन

२ सप्टेंबर
लातूरहून इस्लापूरजवळ सासुरवाडीला आलो. माझी नवी फिल्म एक्सपेरिमेंटल: यंत्राच्या डोळ्यांनी निसर्ग. माझा ड्रोन बगळ्यांमध्ये उडेल आणि हळूहळू बगळाच होईल. बायकोला, तनुजाला, माहीत आहे. सासरे शेषेराव यांना सांगितलं नाही. कलेचं आधी बोलू नये.

३ सप्टेंबर
ओढ्याकाठच्या बाभळीवर बगळे उतरतात. दिवस मावळताना शूट केलं. अप्रतिम! पाचोळ्यात काहीतरी सळसळलं, म्हणून लवकर आटोपलं. घाबरलो नाही. शूटिंगपुरता उजेड उरला नव्हता.

५ सप्टेंबर
गावात बोंब. आभाळात लाल दिवा फिरतो, चोर ड्रोनने घरं हेरून राहिले म्हणे. पलीकडच्या गावात एका फेरीवाल्याला नुसत्या संशयावरून चोपलं. मी ड्रोन कपड्यांच्या बॅगेत तळाशी दडवला. सासूबाईंनी दागिने ज्वारीच्या कणगीत लपवले आणि जागा मलाच दाखवून ठेवली. म्हणाल्या, तुमच्यावर लई भरवसा हाय.
उद्या सगळं खरं सांगणार. ठरलं.

६ सप्टेंबर
सांगणारच होतो. पण ओसरीवर माणसं जमलेली, हातात काठ्या. शेषेराव म्हणाले, जावईबापू शिकलेले हाईत, कॅमेऱ्यातलं कळतं त्यांना, गस्तीचा म्होरक्या त्यांनाच करा. मी हो म्हणालो. आतून लक्ष ठेवणं सोपं. तनुजा म्हणाली, अजून वेळ गेली नाही. योग्य वेळ बघून सांगीन म्हटलं.

८ सप्टेंबर, दुपारी
एकच शॉट राहिलाय. भीतीपोटी फिल्म अर्धवट सोडणारा कलावंत मी नव्हे. सगळं शूटिंग ड्रोनमधल्या एकाच मेमरी कार्डात आहे, आल्यावर लॅपटॉपवर घेईन.

८ सप्टेंबर, जेवणानंतर
कुत्रं भुंकलं. रिमोट ओढ्यात पडला, मी पळालो. ड्रोन कुठे गेला कळत नाही. कोणाला सापडू नये, एवढंच.

९ सप्टेंबर
सापडला. शेजारच्या व्यंकटीच्या सोयाबीनमध्ये. अख्खं गाव गोल करून उभं, पुढे कोणी होईना. मेव्हणा शिवशंकर म्हणाला, आत बाँब असंल. माझा आहे, असं सांगायला मी तोंड उघडलं. तेवढ्यात शेषेरावांनी हातात काठी दिली. म्हणाले, पहिला मान जावयाचा.
मागे सगळ्या काठ्या. तनुजा माझ्याकडे बघत होती. इतकी भीती मला जन्मात वाटली नव्हती. डोळे मिटून मारली. ती ढेकळावर बसली. दुसरी बरोबर बसली. मग गावानं हात धुऊन घेतले. कार्डाचे दोन तुकडे मी पाहिले. रडू आलं. लोकांना वाटलं, आनंदानं. मला फेटा बांधला.

११ सप्टेंबर, लातूर
दार वाजलं की अजून दचकतो. शिवशंकरनं मोबाइलवर सगळं काढलं होतं. माझे मिटलेले डोळे, ढेकूळ, ड्रोन. व्हिडिओ सगळ्या ग्रुपांवर फिरतोय. रेणापूरहून मित्राचा फोन आला, परत परत बघतोय म्हणाला. निसर्ग आणि यंत्र यांच्यातला संघर्ष छान पकडलाय का, असं विचारलं. तो हसतच सुटला.
तनुजा म्हणाली, तुमची ही पहिलीच फिल्म लोक शेवटपर्यंत बघून राहिले.